राष्ट्रांचे दारिद्र्य : आम्ही आणि आपण

आम्ही कोलकात्यास बदलून आलो त्या पहिल्याच आठवड्यातील एक साधा प्रसंग अजून मनातून जात नाही. संध्याकाळी कचेरीतून परतलो, तो शेजारच्या बिऱ्हाडातील वृद्ध मासीमा नातवाला मांडीवर घेऊन जिन्याच्या तोंडाशी बसल्या होत्या. नावगाव विचारून झाले. आम्ही मराठी, हे कळताच त्यांच्या चेहऱ्यावर मिस्कील हसू उमटले आणि त्या नातवाला म्हणाल्या, "नीज आता, नाहीतर हे बघ, बर्गी आले आहेत!" आम्हीही हसलो. परंतु त्या थट्टेमागे पावणेतीनशे वर्षांची आठवण उभी होती. बर्गी म्हणजे आपला बारगीर. १७४२ ते १७५१ या काळात नागपूरकर रघूजी भोसल्यांच्या फौजा बंगालवर पुनःपुन्हा चालून आल्या. त्यांनी गावे जाळली, पिके तुडविली, खंडणी नेली. त्या धामधुमीची कथा सांगणारे गंगाराम नावाच्या कवीचे 'महाराष्ट्रपुराण' बंगालीत आहे. आणि त्याहूनही दीर्घायुषी असे एक अंगाईगीत आहे. त्यात बर्गीचे भय आहे आणि सारा कशाने भरावा याची विवंचनाही आहे. बारगीर हा स्वतःच्या नव्हे, तर सरकारी घोड्यावर बसून पगारावर लढणारा शिपाई. एका अर्थी तोही आमच्यासारखा सरकारी नोकरच म्हणावयाचा.

काही राष्ट्रे दरिद्री का राहतात आणि काही संपन्न का होतात, हा प्रश्न आमच्या पिढीस नवा नाही. शाळेच्या पुस्तकातच त्याचे उत्तर आम्हांस मिळाले होते : परक्यांनी आम्हांस लुटले. या खटल्यात आम्ही नेहमीच फिर्यादीच्या बाजूस उभे राहत आलो. त्या संध्याकाळी मात्र, जिन्याच्या तोंडाशी, कोणीतरी आम्हांस हसतहसत आरोपीच्या पिंजऱ्यात नेऊन उभे केले. तेथून तोच प्रश्न निराळा दिसू लागला.

प्रथम या विषमतेचे माप पाहू. आज स्वित्झर्लंडमध्ये माणशी वार्षिक उत्पन्न एक लाख डॉलरच्या आसपास आहे. बुरुंडीमध्ये ते काही शे डॉलर आहे. भारत अडीच हजारांच्या थोडा पुढे आहे. जागतिक बँकेने जून २०२५ मध्ये अतिदारिद्र्याची रेषा, देशोदेशींच्या किमतींचा फरक जमेस धरून, माणशी दिवसाला ३ डॉलर अशी नव्याने ठरविली. तिच्याखाली जगातील सुमारे ८० कोटी माणसे येतात. ब्रँको मिलानोविच या अर्थशास्त्रज्ञाने असे दाखविले आहे की, जगातील दोन माणसांच्या उत्पन्नात जो फरक पडतो, त्याचा निम्म्याहून अधिक भाग ती कोणत्या देशात जन्मली एवढ्यावरूनच उलगडतो. शिक्षण, कष्ट, बुद्धी यांचा क्रम त्यानंतर लागतो. जन्मावरून पंगत आणि ताट ठरविणारी व्यवस्था आपल्या पूर्ण ओळखीची आहे. गावच्या पाणवठ्यावर ती असावी याची आज आपल्याला लाज वाटते. जगाच्या पाणवठ्यावर तिचे नाव पारपत्र असते, म्हणून ती आपल्याला तितकीशी खुपत नाही.

या विषमतेचे कारण विचारले असता पहिले उत्तर मिळते ते आळसाचे. जो माणूस बडाबाजारात भर दुपारी डोक्यावर गठ्ठा घेऊन धावणारा हमाल पाहतो, त्याला या उत्तरावर बोलण्याचे कारण उरत नाही. दुसरे उत्तर हवापाण्याचे. ते अगदीच टाकाऊ नव्हे. हिवतापाने खंगलेल्या प्रदेशात मनुष्यबळ क्षीण होते. ज्या देशास समुद्रकिनारा नाही, त्याच्या मालावर वाहतुकीचा बोजा पडतो. परंतु सिंगापूर विषुववृत्तालगत असूनही श्रीमंत आहे, आणि ज्या बंगालात आम्ही राहतो त्याची जमीन, नद्या व हवा तीच असताना त्याचे दैव मात्र दोनशे वर्षांत पार पालटले. तेव्हा नदीपेक्षा अधिक चंचल असे काहीतरी कारण शोधले पाहिजे.

तिसरे उत्तर आमचे, म्हणजे लुटीचे. हिशेबाच्या कचेरीत दिवस काढणाऱ्या माणसास त्याचा एक विशेष चटकन जाणवतो : ही लूट पुष्कळशी तलवारीने नव्हे, तर खतावणीने झाली. १७६५ मध्ये कंपनीस बंगालची दिवाणी मिळाली. त्यापूर्वी येथील कापड विकत घ्यावयाचे तर कंपनीस बाहेरून चांदी आणावी लागे. दिवाणीनंतर बंगालच्या रयतेकडून सारा वसूल करावयाचा आणि त्याच पैशाने बंगालच्या विणकराचे कापड घेऊन ते विलायतेस रवाना करावयाचे, असा क्रम सुरू झाला. म्हणजे विणकरास किंमत मिळाली ती त्याच्या शेजाऱ्याच्या खिशातून. आणि कापड गेले ते मात्र फुकट. व्यापार म्हणून त्याची नोंद बिनचूक होती! पुढे १७७० चा दुष्काळ आला. बंगालची एकतृतीयांश प्रजा त्यात नाहीशी झाली असा वॉरन हेस्टिंग्जचा अंदाज होता. त्याच हेस्टिंग्जने १७७२ मध्ये आपल्या वरिष्ठांस कळविले की, १७७१ ची वसुली दुष्काळापूर्वीच्या १७६८ च्या वसुलीहूनही अधिक झाली आहे. मेलेल्यांचा सारा जिवंतांकडून घेतल्याखेरीज असे घडत नाही.

या गळतीची जाणीव ज्यांनी प्रथम बोलून दाखविली, त्यांत एक तरुण मराठी माणूस होता. भास्कर पांडुरंग तर्खडकर यांनी १८४१ मध्ये 'बॉम्बे गॅझेट' या इंग्रजी पत्रात 'एक हिंदू' या सहीने पत्रे लिहून देशाचा पैसा बाहेर जात असल्याचे इंग्रजांस त्यांच्याच भाषेत सुनावले. पुढे, एल्फिन्स्टन कॉलेजात गणित शिकविलेल्या दादाभाई नौरोजींनी मे १८६७ मध्ये लंडनच्या एका सभेत निबंध वाचून हा मुद्दा आकड्यांनिशी मांडला. योगायोग असा की, त्याच वर्षीच्या उन्हाळ्यात तुर्कस्तानचा सुलतान लंडनला आला. इंडिया ऑफिसात त्याच्या सन्मानार्थ मोठा मेजवानीचा समारंभ झाला आणि त्याचा खर्च हिंदुस्थानच्या तिजोरीच्या नावे टाकण्यात आला. 'होम चार्जेस' म्हणून जी रक्कम दरवर्षी विलायतेस जाई तिच्यात रेल्वेच्या भांडवलावर हमी दिलेले व्याज असे, निवृत्त गोऱ्या अधिकाऱ्यांची पेन्शने असत. १८५७ चा उठाव मोडण्याचा खर्चही ज्यांच्याविरुद्ध तो केला त्यांच्याच खाती पडला. आणि कंपनीचा कारभार संपल्यानंतरही तिच्या भागीदारांस साडेदहा टक्के लाभांश १८७४ पर्यंत येथील महसुलातून मिळत राहिला. आमच्या कचेरीत एखादा कारकून दुसऱ्याच्या घरची मेजवानी सरकारी खाती टाकू लागला, तर त्याच्यावर विभागीय चौकशी बसेल. येथे ती मंजूर बाब होती.

या जमाखर्चाचे सर्वांत भीषण पान १९४३ चे आहे. महायुद्धासाठी इंग्रज सरकारने हिंदुस्थानातून माल आणि सेवा उचलल्या व त्यांची किंमत लंडनमध्ये पौंडांत आपल्या नावे जमा दाखविली. त्या कागदी जमेच्या आधारावर येथे नोटा छापल्या गेल्या, भाव भडकले, आणि ज्याच्यापाशी विकण्यास अंगमेहनतीखेरीज काही नव्हते त्या बंगालच्या शेतमजुराच्या आवाक्याबाहेर तांदूळ गेला. सुमारे ३० लाख माणसे मेली. धान्याची टंचाई हे याचे पुरते कारण नव्हे, विकत घेण्याचे बळच नाहीसे झाले होते, हे अमर्त्य सेन यांनी १९८१ च्या आपल्या ग्रंथात विशद केले आहे. युद्ध संपले तेव्हा हिंदुस्थान हा इंग्लंडचा सावकार होता. शंभर कोटी पौंडांहून अधिक रक्कम त्यास येणे होती. सावकार कोलकात्याच्या पदपथावर भुकेने मरत होता आणि ऋणको परतफेड केव्हा करावयाची ते ठरवीत होता, असा प्रसंग जगाच्या इतिहासात विरळाच.

येथवर फिर्याद मजबूत आहे. परंतु येथेच थांबणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. लुटीने दारिद्र्याचा उलगडा होतो असे म्हटले, तर लुटीने श्रीमंतीचाही उलगडा व्हावयास हवा. आणि तो नेहमी होत नाही. स्पेनने अमेरिकेतील चांदीचे डोंगर उपसून नेले, तरी १५५७ ते १५९६ या काळात त्याच्या राजाने पुनःपुन्हा दिवाळे काढले. आमच्या बर्गींनी बंगालातून खंडणी नेली, परंतु त्या पैशातून नागपुरात गिरणी उभी राहिली नाही की विद्यापीठ निघाले नाही. पुष्कळांनी लुटले, त्यांतले थोडे श्रीमंत झाले. शिवाय इंग्रज येण्यापूर्वीचा सामान्य रयत सोन्याच्या ताटात जेवत होता, हीही एक गोड समजूतच आहे. अँगस मॅडिसन यांच्या अंदाजाप्रमाणे १७०० च्या सुमारास जगाच्या एकंदर उत्पादनात हिंदुस्थानचा वाटा २४ टक्क्यांच्या आसपास होता आणि १९५० मध्ये तो ४ टक्क्यांवर आला. हे आकडे आपण अभिमानाने उद्धृत करतो. पण त्या मोठ्या वाट्यामागे मोठी लोकसंख्याही होती, आणि पुढच्या घसरणीत आपले थांबणे जितके आहे तितकेच इतरांचे धावणेही आहे, हे सांगण्यास विसरतो.

दुसरा पुरावा कोरियाचा. १९१० ते १९४५ हा देश जपानच्या ताब्यात होता. नंतर त्याची फाळणी झाली. १९५० ते १९५३ च्या युद्धात तो भाजून निघाला. १९५० च्या दशकात दक्षिण कोरिया जगातील अत्यंत गरीब देशांत मोडत होता. त्याने जमिनीची फेरवाटणी केली, शाळा काढल्या, कारखान्यांस संरक्षण देऊनही त्यांच्याकडून परदेशी बाजारात उतरण्याइतकी गुणवत्ता मागितली. आज त्याचे माणशी उत्पन्न ३० हजार डॉलरच्या वर आहे. तोच वंश, तीच भाषा, तीच गुलामी वाट्यास आलेला उत्तरेचा शेजारी मात्र गरीबच राहिला. एखाद्या देशातील सत्ता आणि नियम सर्वांस संधी देणारे आहेत की मूठभरांसाठी पिळून काढणारे आहेत यावर त्याचे भवितव्य ठरते, अशी मांडणी करणारे डॅरन असेमोग्लू, सायमन जॉन्सन व जेम्स रॉबिन्सन यांना २०२४ चे अर्थशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले. त्यांच्या म्हणण्यात तथ्य आहे. मात्र त्याचा अर्थ 'दोष ज्याचा त्याचा' असा करणे घाईचे होईल. कारण ते पिळून काढणारे नियम पुष्कळ ठिकाणी परक्यांनीच घालून दिलेले होते, हेही याच विद्वानांनी सांगितले आहे. काँगो ही १८८५ पासून १९०८ पर्यंत बेल्जियमच्या राजाची जणू खाजगी मालमत्ता होती. १९६० मध्ये ती स्वतंत्र झाली तेव्हा तेथील पदवीधर बोटांवर मोजण्याइतके होते. आणि लोकांनी निवडलेला पंतप्रधान पॅट्रिस लुमुंबा याचा जानेवारी १९६१ मध्ये खून झाला. त्यात आपली नैतिक जबाबदारी असल्याचे बेल्जियमने २००२ मध्ये मान्य केले. अशा देशास 'तुम्ही चांगल्या संस्था का निर्माण केल्या नाहीत?' असे विचारणे म्हणजे ज्याची शिडी काढून घेतली त्यास तो माडीवर का आला नाही असे विचारणे होय.

तर मग मूळ कारण कोणते? आम्हांस असे वाटते की लूट आणि संस्था ही दोन भिन्न कारणे नसून एकाच कारणाची दोन रूपे आहेत. जो नियमाची किंमत मोजतो त्यास नियम लिहिताना बसावयास जागा नसते, हे ते कारण. देशाच्या आत असे झाले म्हणजे रयत दरिद्री होते; देशादेशांत झाले म्हणजे राष्ट्रे दरिद्री होतात. हैतीचे उदाहरण घ्यावे. तेथील गुलामांनी बंड करून १८०४ मध्ये स्वातंत्र्य मिळविले. १८२५ मध्ये फ्रान्सच्या राजाने लढाऊ जहाजे धाडून त्यांच्याकडून १५ कोटी फ्रँकची भरपाई कबूल करून घेतली. भरपाई कशाची? मालकांनी गमावलेल्या मालमत्तेची. आणि त्या मालमत्तेत स्वतः ती माणसेही आली! पुढे १८३८ मध्ये एकूण रक्कम ९ कोटींवर आणली गेली. पण ती फेडण्यासाठी पॅरिसच्याच पेढ्यांकडून कर्जे काढावी लागली, आणि त्या कर्जांचा शेवटचा हप्ता १९४७ मध्ये फिटला. शंभरांहून अधिक वर्षे एक राष्ट्र स्वतःच्या सुटकेचे व्याज भरीत होते. कागदोपत्री सारे रीतसर होते. दस्तऐवजावर हैतीची सहीही होती. सही होती, संमती नव्हती. या दोहोंतला भेद ज्यास कळला, त्यास राष्ट्रांच्या दारिद्र्याचे निम्मे मर्म कळले.

आता त्या जिन्याकडे परत येऊ. 'आपला तो बाब्या, दुसऱ्याचे ते कारटे' या न्यायाने आम्ही बर्गींस सूट देऊ शकत नाही. १७५१ च्या तहाने बंगालच्या नबाबाने नागपूरकरांस सालीना १२ लाख रुपये चौथाई देण्याचे मान्य केले. ती शेवटी कोणी भरली? ज्यास तहाची बातमीही नव्हती त्या शेतकऱ्याने. मराठ्यांच्या धास्तीने कलकत्त्याच्या रहिवाशांनी १७४२ मध्ये शहराभोवती खंदक खणावयास घेतला होता. तो पुरा झाला नाही. पुढे बुजवून त्यावर रस्ता झाला. आमची बस कित्येकदा त्याच रस्त्याने जाते, आणि बागबाजारकडे एका गल्लीच्या पाटीवर अजून 'मराठा डिच' हे नाव आहे. काळाचा सूड म्हणावा की न्याय, पण जे बंगालच्या वाट्यास आले तेच पुढे सुमारे शंभर वर्षांत नागपूरच्या वाट्यास आले. १८५३ मध्ये वऱ्हाड इंग्रजांकडे गेला, १८५४ मध्ये भोसल्यांचे राज्य खालसा झाले, आणि तो सारा मुलूख लँकेशायरच्या गिरण्यांसाठी कापूस पिकवू लागला. १८९९–१९०० च्या दुष्काळात त्याच कापसाच्या प्रदेशात माणसे अन्नाविना मेली. ज्यांनी खंडणी नेली त्यांचे नातू आणि ज्यांनी ती भरली त्यांचे नातू अखेर एकाच वहीत नावे पडले.

हे केवळ जुन्या काळचे नव्हे. स्वातंत्र्यानंतर, १९५० च्या दशकात, पोलाद देशात कोठेही एकाच भावाने मिळावे आणि कोळशाच्या वाहतुकीचा भार हलका व्हावा असे धोरण केंद्र सरकारने आखले. हेतू चांगला होता. पण खाणी ज्यांच्या दाराशी होत्या त्या बंगाल-बिहारचा सोयीचा फायदा त्याने हिरावला गेला, आणि कारखाने पश्चिमेकडील बंदरांजवळ, म्हणजे बऱ्याच अंशी आमच्या मुंबई-पुण्याकडे, उभे राहणे सुकर झाले. १९९० च्या दशकाच्या आरंभी ते धोरण संपले. बंगालच्या औद्योगिक उतरंडीस इतरही कारणे होती, त्यांतली काही त्याची स्वतःची होती. तरीपण येथील जुन्याजाणत्या माणसांच्या बोलण्यात हा सल अजून येतो. घोडा नाही, भाला नाही; एक फाइल, तिच्यावरचे टिपण आणि मंजुरीचा शेरा. ती फाइल आमच्यासारख्याच कोणा सज्जन कारकुनाने वर पाठविली असेल. त्याने कोणाचेही वाईट चिंतिले नसेल. अन्यायास दुष्ट माणसे लागतातच असे नाही. अनुपस्थित माणसे असली तरी पुरते.

यावरून कर्तव्याचा प्रश्न उभा राहतो. पूर्वजांच्या कृत्यांचा जाब आजच्या माणसास का विचारावा, अशी शंका सर्वत्र काढली जाते. आपल्या धर्मशास्त्राने या शंकेचा विचार फार पूर्वी केला आहे. पित्याचे ऋण फेडणे हे पुत्राचे कर्तव्य मानले. परंतु मद्य, जुगार अशा अनीतीच्या कारणासाठी काढलेले ऋण पुत्रावर बंधनकारक नाही, असाही अपवाद केला. २००५ च्या दुरुस्तीने कायद्यातून हे पुत्रकर्तव्य गेले. आता वारसाने वारशात जेवढे घेतले तेवढ्यापुरतेच त्याने देणे लागावे, असा साधा न्याय उरला. राष्ट्रांसही हाच न्याय लावावा, असे आम्ही म्हणतो. पापाचा वारसा कोणी घेत नाही, मालमत्तेचा मात्र घेतो. आणि मालमत्ता घेतली की तिच्यावरचा बोजाही आला. उलट, काँगोवर १९६५ ते १९९७ सत्ता गाजविणाऱ्या मोबुटूने कर्जे काढून आपले घर भरले. ती कर्जे तेथील लेकरांच्या माथी मारणे आपल्या जुन्या स्मृतिकारांनीही मान्य केले नसते.

तत्त्वज्ञांतही या बाबतीत एकमत नाही. १९७१ मध्ये पूर्व बंगालातून सुमारे एक कोटी निर्वासित भारतात आले, त्यांतले पुष्कळसे येथेच, या शहराच्या आसपास, छावण्यांतून राहिले. ते दृश्य समोर ठेवून पीटर सिंगर यांनी आपला गाजलेला निबंध लिहिला : आपले फारसे काही न गमावता दुसऱ्याचा जीव वाचविता येत असेल, तर अंतर किंवा देश हे न देण्याचे कारण होऊ शकत नाही. जॉन रॉल्स यांनी १९९९ च्या आपल्या ग्रंथात मदतीचे कर्तव्य मानले, पण राष्ट्राची संपन्नता मुख्यतः त्याच्या स्वतःच्या राजकीय संस्कृतीवर अवलंबून असते असे सांगून त्यास मर्यादा घातली. टॉमस पोगे यांचा प्रश्न याहून अवघड आहे : आपण गरिबास मदत केली का हे नंतर पाहू, ज्या नियमांनी तो गरीब राहतो ते नियम लादण्यात आपला हात आहे का, हे आधी पाहू. आमचा कल या तिसऱ्याकडे आहे. मदत देणाऱ्याच्या लहरीवर असते. श्रीमंत देशांनी राष्ट्रीय उत्पन्नाचा ०.७ टक्का भाग मदतीसाठी द्यावा असे १९७० मध्ये संयुक्त राष्ट्रसंघात ठरले. फारच थोड्यांनी ते पाळले, आणि २०२५ मध्ये तर अमेरिकेने आपली मदतसंस्था बंदच केली. भिक्षापात्र कितीही मोठे केले तरी त्यावर हक्क सांगता येत नाही. हक्क सांगावयाचा तो नियम लिहिणाऱ्यांच्या पंगतीत बसण्याचा.

ती पंगत कशी मांडली गेली, हेही पाहण्यासारखे आहे. १९४४ मध्ये ब्रेटन वुड्स येथे नाणेनिधी व जागतिक बँक स्थापन झाली, तेव्हा हिंदी शिष्टमंडळात रिझर्व्ह बँकेचे गव्हर्नर चिंतामणराव देशमुख होते. आदल्या वर्षीच बंगालात दुष्काळ पडलेला. इंग्लंडकडून येणे असलेल्या रकमेची सोडवणूक नव्या निधीच्या द्वारे व्हावी, अशी मागणी आमच्या बाजूने झाली. ती मान्य झाली नाही. आजही नाणेनिधीत एकट्या अमेरिकेची मते सुमारे १६.५ टक्के आहेत आणि महत्त्वाच्या निर्णयास ८५ टक्के लागतात. म्हणजे एका देशाचा नकार सर्वांच्या होकारास पुरून उरतो. जागतिक बँकेच्या अध्यक्षपदी २०२३ मध्ये आलेले अजय बंगा यांचा जन्म पुण्याच्या खडकीतला; पण त्या खुर्चीपर्यंत पोहोचले ते अमेरिकेचे नागरिक म्हणून. कापसाचेही तसेच. अमेरिकेच्या अनुदानांमुळे जगात कापसाचा भाव पडतो, अशी तक्रार बेनिन, बुर्किना फासो, चाड व माली या चार गरीब देशांनी २००३ मध्ये जागतिक व्यापार संघटनेत गुदरली. त्या नियमाची झळ यवतमाळच्या शेतकऱ्यासही लागते, आणि तो यांतल्या एकाही देशाचे नाव जाणत नाही.

या विवेचनाचा दुरुपयोग होऊ शकतो, याची आम्हांस जाणीव आहे. गरीब देशातील सत्ताधारी आपल्या चोऱ्या झाकण्यासाठी परक्यांच्या चोऱ्यांकडे बोट दाखवितात. त्यांस आमचे सांगणे इतकेच की, नियम लिहिताना जागा मागणाऱ्याने आपल्या घरातही ती जागा दिली पाहिजे. जो दिल्लीहून न्यूयॉर्ककडे न्याय मागतो, त्याच्याकडे कोणीतरी कॅनिंगहून न्याय मागत असते.

कॅनिंगचे नाव सहज आले नाही. आमच्याकडे कामास येणाऱ्या बाई त्या बाजूच्या, सुंदरबनालगतच्या. पहाटेच्या लोकलने येतात. २०२० च्या मार्चमध्ये टाळेबंदी झाली, गाड्या बंद पडल्या. मे महिन्यात अम्फान वादळ आले आणि बांध फुटून त्यांच्या शेतात खारे पाणी शिरले. सागर तापतो आहे तो ज्यांच्या धुराने, त्यांत त्या बाईंचा वाटा किती? बहुधा चुलीपुरता. आम्ही त्यांस दोन महिने पगार दिला आणि मग बंद केला. आमचा स्वतःचा पगार त्या सबंध काळात एक दिवसही चुकला नाही. 'काम नाही तर पैसे कसे, सगळीकडे हाच रिवाज आहे,' असे आम्ही घरात बोललो. हा रिवाज आम्हीच ठरविला होता आणि त्या तेथे नव्हत्या. नोव्हेंबरात लोकल सुरू झाल्या, त्या परत आल्या. जमीन खारट झाली, दोन-चार वर्षे काही पिकणार नाही, नवरा केरळात मजुरीस गेला, असे त्यांनी भांडी घासता घासता सांगितले. तक्रार केली नाही. शेवटी एवढेच म्हणाल्या, "आमरा की कोरबो?"

आमचे बंगाली अजून कच्चे आहे. ऐकलेले वाक्य आम्ही मनात मराठीत उतरवून घेतो. आणि हे वाक्य उतरविताना आम्ही अडखळलो. मराठीत 'आम्ही' निराळे आणि 'आपण' निराळे. 'आम्ही' म्हटले की ऐकणारा बाहेर राहतो. 'आपण' म्हटले की तो आत येतो. बंगालीत दोहोंस एकच शब्द आहे. तेव्हा त्या 'आम्ही काय करणार?' असे हताशपणे म्हणाल्या, की 'आपण काय करू या?' असे आम्हांस विचारीत होत्या? आम्ही पहिला अर्थ घेतला, कारण तो सोयीचा होता. श्रीमंत राष्ट्रेही गरीब राष्ट्रांचे बोलणे बहुधा असेच ऐकतात.

थकलेल्या महिन्यांचा पगार आम्ही नंतर त्यांस दिला. ही फुशारकीची गोष्ट नव्हे. उशिरा केलेली नोंद आहे, आणि तीही त्यांस न विचारता आम्हीच ठरविलेल्या आकड्याने. त्यांच्या प्रश्नाचे उत्तर अद्याप बाकी आहे. ते एकट्या 'आम्ही'स देता येणार नाही, एवढे मात्र आता कळले आहे.